तुफैल, ज्याला लोक सरवर म्हणत

तुफैल अहमदला आयुष्यात जे काही मिळालं ते खांद्यांमुळे मिळालं. लाहोरमधल्या मुगलपुऱ्याच्या रेल्वे कारखान्यात भरती चालू होती, तेव्हा साहेबाने त्याचं शिक्षण विचारलंच नाही. वरपासून खालपर्यंत एकदा पाहिलं आणि म्हणाला, "चाकांच्या खात्यात घाला याला." बशीरनच्या बापाने मुलगी दिली तीही त्या खांद्यांकडे बघून. बशीरन पुढे आयुष्यभर हसत हसत सांगायची, "आमच्या अब्बांनी बैल पारखला. माणूस बघायचा राहूनच गेला."

कारण त्या खांद्यांच्या आत राहणारा माणूस भलताच मऊ होता. भिंतीवर पाल दिसली की तो खाटेवर पाय घेऊन बसायचा. ईदला बकरा कापायची वेळ आली की त्याला नेमकं कारखान्यात काहीतरी काम निघायचं. आणि आवाज तर असा, की बंद दाराआडून तो "कोण?" म्हणाला की बाहेरचा माणूस विचारायचा, "बेटा, अब्बा घरात आहेत का?"

म्हणूनच कारखान्याच्या वार्षिक नाटकात त्याला नेहमी न बोलणारं काम मिळे. कधी दरबारातला पहारेकरी, कधी जिन्न, कधी जल्लाद. तो नुसता उभा राहायचा आणि पहिल्या रांगेतली पोरं आईच्या ओढणीत शिरायची. अशाच एका नाटकाला टेलिव्हिजनवरचे निर्माते कौकब साहेब पाहुणे म्हणून आले होते. नाटक संपल्यावर ते नायकाला भेटलेच नाहीत. थेट तुफैलसमोर येऊन उभे राहिले आणि म्हणाले, "तू बोलतोस का?"

"बोलतो जी," तुफैल म्हणाला.

कौकब साहेबांनी तो आवाज ऐकला, क्षणभर डोळे मिटले आणि म्हणाले, "हरकत नाही. नको बोलूस."

त्या दिवसांत दर गुरुवारी संध्याकाळी पोलिसांचं एक नाटक लागत असे. आठ वाजले की लाहोरचे रस्ते ओस पडायचे. टांगेवाले घोड्याला दाणा टाकून कुणाच्या तरी अंगणात जाऊन बसायचे. नाटकात एक सचोटीचा इन्स्पेक्टर होता. तो जिवावर उदार होऊन गुन्हेगार पकडायचा आणि मग साक्षीदार फिरायचे, वरून फोन यायचा, आणि गुन्हेगार हार घालून कोर्टाबाहेर पडायचा. लोक दात-ओठ खायचे. तेवढ्यात पडद्यावर सरवर यायचा.

सरवर म्हणजे तुफैल. नाटकातला हा सरवर कसाई. त्याच्या धाकट्या भावाला मारणारे सुटले, त्या दिवसापासून त्याची वाचा गेलेली. सुटलेला गुन्हेगार घरी जायला निघाला की गल्लीच्या तोंडाशी सरवर उभा असायचा. तो हातातला सुरा अंगावरच्या फडक्याला सावकाश पुसायचा, एकदा इकडून, एकदा तिकडून. एवढंच. पुढचं दाखवत नसत. सकाळी प्रेत सापडायचं, इन्स्पेक्टर वाकून बघायचा, उठायचा, आणि काही न बोलता टोपी घालायचा. इकडे अख्खं शहर टाळ्या वाजवत असायचं.

खरं तर सरवर दोनच भागांसाठी होता. पण लोकांनी त्याला जाऊ दिलं नाही.

तुफैलचे दिवस पालटले. न्हावी पैसे घेईना. बाजारातला खरा कसाई त्याला बघून गादीवरून उठून उभा राही. टांगेवाला मान मागे वळवून म्हणे, "सरवर भाई, आमच्या मालकाला एकदा भेटा ना. नुसते भेटा. सुरा नाही आणला तरी चालेल." बायका बशीरनकडे निरोप ठेवून जात. कुणाचा दीर घर बळकावून बसलाय, कुणाचा नवरा हात उचलतोय, जरा भाईजानना सांग.

"त्यांना मी काय सांगू?" बशीरन म्हणायची. "काल मोरीत झुरळ निघालं तर मलाच हाका मारत होते."

बायका हसायच्या, पण जाताना परत सांगायच्या, "सांग मात्र."

तुफैलला हे सगळं आवडत होतं. खोटं कशाला बोला. कारखान्यातून सुटल्यावर घरी यायला कालव्याकडून जवळचा रस्ता होता. तो सोडून तो बाजारातून यायला लागला. खांदे जरा जास्तच मागे टाकून चालायला लागला. कमी बोलायला लागला. बशीरनच्या ध्यानात ते सगळं येत होतं. एकदा जेवताना तिने विचारलं, "शमाच्या अब्बा, मीठ हवंय की सुरा?" तो नुसता बघत राहिला, तेव्हा ती म्हणाली, "तोंडाने मागा. इथे नाटक नाही चाललेलं."

गल्लीच्या तोंडाशी नियामतचं दुधाचं दुकान होतं. सरवरचा नियामतएवढा भक्त अख्ख्या मुगलपुऱ्यात नव्हता. गुरुवारी संध्याकाळी तो दुकानातला टेलिव्हिजन उचलून बाहेर स्टुलावर ठेवायचा, रस्त्यावर चटया टाकायचा आणि तुफैलला सगळ्यांच्या पुढे, खुर्चीवर बसवायचा. सरवरने सुरा पुसला की नियामत मागे वळून लोकांना सांगायचा, "हे आहेत आपले. आपल्या गल्लीतले."

त्या हिवाळ्यात शहरात एक अफवा फिरत होती. पोरं पळवणारी टोळी आली आहे. कुणी म्हणे भिकाऱ्यांच्या वेषात येतात, कुणी म्हणे बांगड्या विकायला. स्वतः पाहिलेला कुणीच नव्हता, पण प्रत्येकाच्या मावशीच्या शेजारी कुणीतरी पाहिलं होतं. आयांनी पोरांना दाराबाहेर सोडणं बंद केलं होतं.

जुम्म्याची दुपार होती. धुकं उठून कोवळं ऊन पडलं होतं आणि तुफैल गच्चीवर उन्हात पाय पसरून किन्नू संत्रं सोलत बसला होता. खाली गल्लीतून पिंजाऱ्याच्या धनुकलीचा आवाज येत होता, टँऽऽव, टँऽऽव. हिवाळ्यात पिंजारी यायचेच. रजया उसवायच्या, जुना कापूस पिंजून परत भरायचा. मग तो आवाज मध्येच तुटला. गलका उठला. आधी दुरून, मग जवळून, मग थेट त्याच्या दाराशी. दारावर थापा पडायला लागल्या.

तो खाली आला, दार उघडलं. गल्ली माणसांनी ठासून भरली होती. अर्धे चेहरे ओळखीचे, अर्धे शेजारच्या गल्ल्यांमधले. मध्ये नियामत होता, आणि नियामतच्या मुठीत एका माणसाची मानगूट होती. तो पिंजारीच होता. पन्नाशीचा, हाडं दिसणारा. केसांत, दाढीत कापूस अडकलेला, आणि नाकातून येणाऱ्या रक्तात तोच कापूस भिजून लाल झालेला. एक हात कोपराखाली भलत्याच बाजूला लोंबत होता. त्याची धनुकली मोडून कुणीतरी मागे फेकून दिली होती.

"माझी बिल्लो नाहीये," नियामत म्हणाला. त्याचा आवाज फाटला होता. बिल्लो त्याची पाच वर्षांची मुलगी. "सकाळपासून नाहीये. ह्याच्यापाशी उभी होती. ह्याने तिला कापसाचा बोळा दिला, चार जणींनी पाहिलं. विचारतोय कुठे आहे, तर हा सांगत नाही."

"पोलीस येतील, दोन दिवसांनी सोडतील," मागून कुणीतरी म्हणालं. "आपण बघतोच की दर गुरुवारी."

"सरवर भाई, आता तुम्हीच."

बाजारातला कसाईही गर्दीत होता. तुफैलच्या हातात सुरा कुणी दिला हे त्याला नंतर कधी आठवलं नाही. पण सुरा हातात आला, आणि त्या क्षणी त्याचे खांदे आपोआप मागे गेले. हात आपोआप कुडत्याकडे गेला. त्याने सुरा पुसला, एकदा इकडून. अख्खी गल्ली श्वास धरून त्याच्याकडे बघत होती, आणि त्याला ते गोड लागलं. पुढे आयुष्यभर तो बशीरनला सांगायचा की त्या दिवशी त्याला भीती वाटली ती गर्दीची नाही, त्या गोडीची.

मग पिंजाऱ्याने मान वर केली. सुजलेल्या डोळ्यांनी त्याने तुफैलला पाहिलं आणि त्याच्या चेहऱ्यावर चक्क सुटल्यासारखा भाव आला.

"सरवर भाई," तो म्हणाला, "तुम्ही आलात. यांना सांगा ना. तुम्हाला तर कळतंच कोण खरा आणि कोण खोटा. तुमच्या हातून निर्दोष माणूस कधी मेला नाही."

तोही गुरुवारी कुठेतरी, कुणाच्या तरी दुकानापुढे चटईवर बसून नाटक बघत होता.

तुफैलचा हात तिथेच थांबला. सुरा दुसऱ्या बाजूने पुसायचा राहिला. पिंजाऱ्याचं म्हणणं खरं होतं. सरवरच्या हातून कधीच चूक होत नसे. कशी होईल? कागदावर आधीच लिहिलेलं असायचं की खून कुणी केला. कौकब साहेब सकाळी सांगायचे, "आज तो मिशीवाला." आणि तुफैल मिशीवाल्यासमोर जाऊन उभा राहायचा.

"मला कुणी सांगितलेलं नाही," तो म्हणाला.

तो बारीक, चिरका आवाज गल्लीत घुमला. शेजारच्या गल्लीतल्या लोकांनी सरवरचा आवाज आजवर ऐकलाच नव्हता. मागून कुणाला तरी खुदकन हसू फुटलं. मग आणखी एकाला. हसणाऱ्यांनाच हसण्याची लाज वाटली, पण गर्दीची आवळलेली मूठ तेवढ्यात जराशी सैल झाली.

"काय म्हणालात, तुफैल भाई?" नियामतने विचारलं.

"नाटकात मला आधी सांगतात कुणी केलं ते. लिहून देतात. आज कुणी लिहून दिलंय? तू पाहिलंस याला बिल्लोला नेताना?"

"बोळा दिला त्याने तिला."

"तू तिला रोज मलई देतोस. माझ्या शमाला पण देतोस."

नियामतची पकड सुटली नाही, पण ढिली झाली. तेवढं तुफैलला पुरलं. त्याने सुरा मागे, दाराच्या पडद्याआड धरला. तिथे बशीरन उभी होती. तिने तो काढून घेतला. मग त्याने वाकून पिंजाऱ्याला उचललं, कारखान्यात लोखंड उचलतात तसं, एका खांद्यावर, आणि उंबऱ्याच्या आत ठेवलं. स्वतः बाहेर आला. आतून बशीरनने कडी घातली.

"हे काय केलंस?" लोक ओरडायला लागले. "चोराला घरात घेतलास?"

"तो कुठे पळत नाही. मीही इथेच आहे," तुफैल दाराला पाठ लावून म्हणाला. "आधी मुलगी शोधा. एवढी माणसं आहात, एकजण तरी तिला शोधतोय का?"

एक वीट येऊन त्याच्या डोक्याशेजारी चौकटीवर आपटली. तो हलला नाही. धैर्य वगैरे नव्हतं ते. पाय उचलत नव्हते.

बशीरन आत नुसती बसली नव्हती. पिंजाऱ्याच्या हाती पाण्याचा पेला देऊन ती गच्चीवर गेली आणि कठड्याशी उभं राहून तिने शेजारच्या गच्चीवर हाक दिली. तिथून पुढच्या गच्चीवर. मुगलपुऱ्यातल्या गच्च्या एकमेकींना चिकटलेल्या. हिवाळ्याच्या दुपारी सगळ्या बायका वरच असतात, भाजी निवडत, केस वाळवत. पुरुष खाली गल्लीत गर्दी करून उभे होते, आणि वर बायका कठडे ओलांडत, दोरीवरचे कपडे बाजूला सारत, टाक्यांच्या मागे वाकून बघत निघाल्या. "बिल्लोऽ, अगं बिल्लोऽ."

पोर सापडली कुंभारणीच्या गच्चीवर. त्याच पिंजाऱ्याने सकाळी भरून दिलेल्या रजया तिथे उन्हात टाकल्या होत्या. त्यांच्या ढिगात शिरून बिल्लो झोपली होती. बोळा मुठीत होता. उन्हाने गाल लाल झाले होते. तिला उचललं तेव्हा ती रडायला लागली, कारण तिची झोप मोडली होती.

बशीरननेच तिला कडेवर घेऊन कठड्यावरून खाली दाखवली. "नियामत," ती वरून म्हणाली, "ही घे तुझी मुलगी. आणि वर ये न्यायला. मी खाली आणून देणार नाही."

गल्ली कशी रिकामी झाली ते कळलंच नाही. कुणाला दुकान आठवलं, कुणाला अस्रची नमाज. माफी कुणीच मागितली नाही. नियामत मुलीला छातीशी धरून खाली मान घालून गेला.

तुफैलने टांगा आणला. पिंजाऱ्याचं नाव मेहरदीन, कसूर गावाकडचा. दवाखान्यात त्याच्या हाताला प्लास्टर घातलं, आणि तिथून तुफैल त्याला ठाण्यावर घेऊन गेला. ठाणेदार सरवरला बघून खुर्चीतून उठला. चहा मागवला, बिस्किटं मागवली.

"सरवर साहेब, तुम्ही आमच्या ठाण्यात," तो म्हणाला. "घरी सांगितलं तर बायको विश्वास ठेवणार नाही."

"फिर्याद लिहायची आहे," तुफैल म्हणाला.

ठाणेदाराने सगळं ऐकून घेतलं आणि पेन खाली ठेवलं. "कुणाच्या नावाने लिहू? अख्खी गल्ली होती म्हणता. मुलगी सापडली, माणूस जिवंत आहे. गल्लीत राहायचंय तुम्हाला."

"माझं नाव आधी घाला," तुफैल म्हणाला. "सुरा माझ्या हातात होता."

ठाणेदार हसणार होता. पण त्याने तुफैलच्या तोंडाकडे पाहिलं आणि हसला नाही. मेहरदीनच मध्ये बोलला. "साहेब, मला फिर्याद नको. दर हिवाळ्यात मला ह्याच गल्ल्यांतून फिरायचंय. मला माझी धनुकली हवी. त्या दुधवाल्याने मोडली."

दुसऱ्या दिवशी ठाणेदाराने नियामतला बोलावून घेतलं. त्याने कबूल केलं: नवी धनुकली करून देईन, आणि हात बरा होईपर्यंत या माणसाच्या दुधाची जबाबदारी माझी. पण ठाण्यातून बाहेर पडताना तो तुफैलशी बोलला नाही. आपल्याच गल्लीतल्या माणसाला ठाण्याची पायरी चढायला लावली, हे त्याला लागलं होतं. गल्लीतल्या बऱ्याच जणांना लागलं होतं. मेहरदीन तुफैलच्या बैठकीत राहिला. रोज सकाळी नियामतची बायको दुधाचं भांडं उंबऱ्यावर ठेवून, कडी वाजवून, न बोलता निघून जायची.

असं करता करता गुरुवार आला. टेलिव्हिजन बाहेर आला, चटया पडल्या; नियामतने सवयीने खुर्चीही मांडली. तुफैल जाणार नव्हता. त्याला आठवत होतं की या आठवड्याचा भाग कोणता आहे. तो महिन्यापूर्वीच चित्रित झाला होता. पण मेहरदीन उठला. "चला ना," म्हणाला, "मी दर गुरुवारी बघतो."

"आज नको बघू."

"का?"

तुफैलने सांगितलं नाही. दोघं गेले. मेहरदीन खुर्चीशेजारी, प्लास्टरमधला हात मांडीवर घेऊन चटईवर बसला. लोकांनी थोडी थोडी जागा सोडली.

त्या भागात एक पोरं पळवणारा होता. पोलिसांनी पकडला, कोर्टाने सोडला. गर्दी त्याला बाजारातून ओढत आणते, आणि कोपऱ्यावर सरवर उभा असतो. पडद्यावर तुफैलने सुरा पुसला, एकदा इकडून, एकदा तिकडून. पडद्यावरची गर्दी ओरडत होती. इकडे गल्लीत एकही टाळी वाजली नाही. मेहरदीन पडद्याकडे बघत होता, आणि बाकीचे सगळे, हळूच, मेहरदीनकडे.

नियामत उठला आणि त्याने टेलिव्हिजन बंद केला. मग दुकानात गेला, कढईतलं गरम दूध पेल्यात ओतलं, वर साय घातली आणि स्वतः आणून मेहरदीनच्या डाव्या हातात दिलं. "गरम आहे," म्हणाला. "सांभाळून."

"हो," मेहरदीन म्हणाला.

एवढंच दोघं बोलले. पण दुसऱ्या दिवशीपासून दुधाचं भांडं उंबऱ्यावर राहिलं नाही. नियामतची बायको ते घेऊन आत यायची आणि बशीरनपाशी बसून चहा घेऊन जायची.

त्या शनिवारी तुफैल टेलिव्हिजन केंद्रावर गेला. कौकब साहेब त्याला बघून खूश झाले. पुढच्या चार भागांत सरवरला आणखी मोठं काम होतं.

"सर, सरवरच्या हातून एक चूक होऊ द्या," तुफैल म्हणाला.

"कसली चूक?"

"चुकीचा माणूस."

कौकब साहेबांनी सिगारेट विझवली. "तुला वेड लागलंय. लोक तुझ्यासाठी नाटक बघतात. तुझ्यामुळे रस्ते ओस पडतात."

"हो सर. म्हणूनच."

"आणि नाही केलं तर?"

"मग दुसरा कुणी घ्या सर. खांदेवाले पुष्कळ मिळतील." हे बोलताना त्याचा आवाज आणखीच बारीक झाला. त्याला ते काम जिवापाड हवं होतं.

खोलीच्या कोपऱ्यात नाटक लिहिणारे बुखारी साहेब शालीत गुंडाळून बसले होते. म्हातारे, दमेकरी, खोकल्याशिवाय त्यांचं वाक्य पुरं होत नसे. ते म्हणाले, "कौकब, थांब. बाळ, इकडे ये. काय झालं ते सांग. सगळं सांग, घाई करू नकोस."

तुफैलने सगळं सांगितलं. किन्नूपासून रजयांपर्यंत. मेहरदीन काय म्हणाला, तेही. बुखारी साहेब ऐकत राहिले. शेवटी म्हणाले, "तुझ्या हातून माणसं मारवून घेताना मी कधी दोनदा विचार केला नाही. लिहिताना सोपं जातं ते." मग कौकब साहेबांकडे वळले. "मी लिहितो. तू काढ."

ते काढायला महिना गेला, आणि त्या महिन्यात वाद पुष्कळ झाले. त्या भागात सरवर गर्दीच्या सांगण्यावरून एका माणसाला मारतो, आणि सकाळी कळतं की तो वेगळाच होता, बायकोसाठी औषध आणायला निघालेला. सरवर चालत ठाण्यात जातो. इन्स्पेक्टरच्या टेबलावर सुरा ठेवतो. आणि बोलतो. त्याचं एकच वाक्य होतं. कौकब साहेबांना दुसऱ्या नटाचा भारदस्त आवाज वर चढवायचा होता. बुखारी साहेबांनी तो लावू दिला नाही. तेव्हा गुरुवारी सगळ्या मुलखाने सरवरला त्याच्या स्वतःच्या, बासरीसारख्या आवाजात म्हणताना ऐकलं, "मला वाटलं होतं, मला कळलंय." मग तो बाकावर बसतो, आणि शिपाई त्याच्यासाठी पाणी आणायला जातो.

लोक चिडले. टांगेवाल्याने तुफैलला बघून घोडा पुढे हाकला. कारखान्यात पोरं त्याच्या आवाजाची नक्कल करत. न्हावी पुन्हा पैसे घ्यायला लागला. पण पुढच्या आठवड्यात एक अनोळखी म्हातारा कारखान्याच्या फाटकाशी येऊन थांबला होता. त्याने तुफैलचा हात हातात घेतला, आपल्या मुलाचं नाव सांगितलं, आणि म्हणाला, "त्यालाही गर्दीनेच मारलं होतं. आजवर कुणी म्हणालं नव्हतं की चूक झाली." त्याने आणखी काही मागितलं नाही. तुफैलने त्याला कँटीनमध्ये नेऊन जेवू घातलं.

टेलिव्हिजनवर पुढे त्याला फारशी कामं मिळाली नाहीत. एकदा माळी केला, एकदा नवरीचा मामा. तो चाकांच्या खात्यातच म्हातारा झाला. मेहरदीन दर हिवाळ्यात यायचा, नियामतने करून दिलेली शिसवी धनुकली खांद्यावर टाकून, आणि पहिली रजई नियामतच्या घरची भरायचा. पुढे एकदा गल्लीत सायकल चोरताना एक पोरगा सापडला, तेव्हा लोक धावले खरे. पण नियामतने त्याला आपल्या बाकावर बसवलं, स्वतः समोर उभा राहिला आणि म्हणाला, "पोलीस येईपर्यंत कुणी हात लावायचा नाही. आधी मला मारा." कुणी मारलं नाही.

आणि बायकांचे निरोप थांबले नाहीत. सरवर बुळा निघाला हे सगळ्यांना कळलं होतं, तरी बशीरनकडे कुणी ना कुणी येऊन बसायचीच. फक्त आता तुफैल उठायचा, चपला घालायचा आणि त्या बाईला घेऊन ठाण्यावर जायचा. मारायला नाही, धमकवायला नाही. नुसता शेजारी बाकावर बसायचा. फिर्याद लिहून होत नाही तोवर बसायचा. सोबत भुईमुगाच्या शेंगा न्यायचा, कारण वेळ लागायचा. ती दिराने घर बळकावलेली विधवाही अशीच त्याच्याबरोबर गेली. दोन वर्षं लागली, पण किल्ली तिच्या हातात आली. त्या दिवशी तिने गल्लीत सगळ्यांना जर्दा, केशरी गोड भात, वाटला.

ठाणेदार बदलत गेले, शिपाई बदलत गेले. ठाण्याचा मुन्शी मात्र तोच होता. रुंद खांद्यांचा, पांढऱ्या केसांचा माणूस कुणा बाईमागून फाटकातून आत येताना दिसला की तो कपाळाला हात लावायचा आणि शेजारच्याला म्हणायचा, "रजिस्टर काढ बाबा. आले सरवर भाई. आता लिहिल्याशिवाय हे उठायचे नाहीत."